मुगलानातले शिलेदार

आमच्या सोसायटीच्या नव्या वॉचमनचा जन्म २०३५ साली झालेला आहे, हे सेक्रेटरींच्या लक्षात आलं तेव्हा रात्रीचे साडेनऊ वाजले होते आणि खालच्या ऑफिसात आम्ही चारपाच जण चहाची वाट बघत बसलो होतो.

पोलीस पडताळणीचा फॉर्म भरायचा होता. वॉचमननं प्लास्टिकच्या पिशवीतून आपलं नेपाळी नागरिकतेचं प्रमाणपत्र काढलं. घड्या घालून घालून त्याचे चार तुकडे व्हायला आले होते. मजकूर देवनागरीत, त्यामुळे सेक्रेटरींनी चष्मा सरसावून ते ठणठणीत आवाजात वाचायला घेतलं. नाव वाचलं, जिल्हा अछाम वाचला, वडिलांचं नाव वाचलं आणि जन्मसालापाशी गाडी अडली. समोरच्या चाळिशीला टेकलेल्या, कानाजवळ पिकलेल्या माणसाकडे त्यांनी वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "हा तर पैदाच व्हायचा आहे बे अजून!"

नेपाळात सरकारी कारभार विक्रम संवतानं चालतो. ते आपल्या इसवी सनापेक्षा छप्पन्न-सत्तावन्न वर्षं पुढे असतं आणि तिथलं नवं वर्ष एप्रिलच्या मध्याला लागतं. म्हणजे माणूस १९७८-७९ चा, कागद २०३५ चा. गंमत अशी की सेक्रेटरींच्या डोक्यावरच खिळ्याला पंचांग टांगलेलं होतं आणि त्याच्या पहिल्या पानावर शके, संवत, सन सगळं एका ओळीत छापलेलं होतं. दरवर्षी दिवाळीत ते स्वतः ते विकत आणतात. पण पंचांगातला संवत हा सत्यनारायणाच्या संकल्पात गुरुजींनी भरभर म्हणायचा असतो. तो कोणाच्या जन्मतारखेत येऊन बसेल, असं आपल्याला वाटत नाही. शेवटी वजाबाकी करून फॉर्म भरला. वॉचमन इतका वेळ शांत उभा होता. हे त्याच्याबरोबर पहिल्यांदाच घडत नसावं.

त्याची दुसरी भानगड घड्याळाची. त्याच्या मनगटावरचं घड्याळ नेहमी पंधरा मिनिटं पुढे. नेपाळनं १९८६ साली आपली वेळ गौरीशंकर शिखरावरच्या रेखांशाला बांधली, तेव्हापासून ते आपल्यापेक्षा पाव तास पुढे आहेत. हा म्हणायचा, बायकोला फोन लावताना हिशेब नको. आमचे सेक्रेटरी म्हणायचे, हा सकाळची ड्यूटी पाव तास आधी सोडतो. मी दोन्ही बाजू ऐकल्या आहेत. येताना तो कोणत्या वेळेनं यायचा, हे कोणीच तपासलं नाही. माझा अंदाज, नेपाळच्याच. म्हणजे हिशेब फिटला.

नेपाळी माणूस म्हटला की आपण त्याला आधी 'बहादूर' म्हणतो, ओळख थोडी वाढली की 'कांचा'. आमच्या सोसायटीनंही तेच केलं. लहान पोरं 'कांचा काका' म्हणायची, तेवढाच मान. दीड-दोन वर्षांनी एका रात्री लाइट गेले म्हणून मी खाली त्याच्या खुर्चीशेजारी बसलो होतो, तेव्हा कळलं की नेपाळीत भावंडांच्या क्रमाला नावं असतात. सगळ्यांत मोठा जेठा, दुसरा माइला, तिसरा साइला, आणि सगळ्यांत धाकटा तो कान्छा. आमचा वॉचमन पाच भावंडांत थोरला. वडील गेल्यावर खालच्या चौघांची लग्नं त्यानं लावून दिलेली. त्याला आम्ही दीड वर्ष 'शेंडेफळ' म्हणून हाका मारत होतो. मी ओशाळून विचारलं, "मग सांगितलं का नाही?" तो म्हणाला, "दाइ, आप लोग प्यार से बोलते थे।"

आता हे 'दाइ'. नेपाळीत दाइ म्हणजे थोरला भाऊ. माझ्या आईनं गॅलरीतून त्याला मला 'दाइ' अशी हाक मारताना ऐकलं आणि तिच्या डोळ्यांसमोर गावची सुईण उभी राहिली. "तुले दाई काऊन म्हणते बा तो?" तिनं काळजीनं विचारलं होतं. पुढे मला नादच लागला. त्याचं फोनवरचं बोलणं कानावर पडलं की मी अर्थ विचारायचो. बहुतेक शब्द आपल्याच अंगणातले वाटायचे आणि हात लावला की भलत्याच घरचे निघायचे. एकदा माझ्या बायकोनं त्याला डब्यात वरणभात आणि वांग्याची भाजी दिली. डबा परत देताना तो म्हणाला, "धेरै मीठो।" ती आत येऊन म्हणाली, भाजी खारट झाली वाटतं. मला वाटलं, गोड म्हणतोय. नेपाळीत मीठो म्हणजे चवदार. गोडाला ते गुलियो म्हणतात आणि मिठाला नून.

सगळ्यांत भारी शब्द घाम. मे महिन्यात आमच्याकडे पारा पंचेचाळिशी ओलांडतो. दुपारी रस्त्यावर कुत्रंही नसतं आणि कूलरच्या खसच्या वासाशिवाय घरात जीव रमत नाही. अशा एका दुपारी तो बायकोला सांगत होता, "यहाँ धेरै घाम छ।" मी म्हटलं, बिचारा घामानं हैराण झालाय. तर नेपाळीत घाम म्हणजे ऊन. घामाला पसिना. मी बराच वेळ त्या शब्दावर खूश होतो. डोंगरातल्या लोकांना जे ऊन म्हणून मिळतं, ते आमच्यापर्यंत येईस्तोवर घाम झालेलं असतं.

तर त्या लाइट गेलेल्या रात्रीच मी त्याला विचारलं, की तुमच्या गावात आम्हाला काय म्हणतात? इंडियन? तो जरा लाजला. म्हणाला, म्हातारी माणसं म्हणतात, पोरगा 'मुगलान' गेला.

मुगलान! हा त्यांच्याकडचा जुना शब्द आहे. मोगलांचा मुलूख तो मुगलान, आणि डोंगर उतरून खाली पोट भरायला येणं म्हणजे मुगलान जाणं. परमुलखाच्या फौजेत नोकरी धरणाऱ्याला लाहुरे म्हणतात, कारण एके काळी गोरखे जवान रणजितसिंहांच्या फौजेत भरती व्हायला लाहोरला जायचे. रणजितसिंह गेले, लाहोर पाकिस्तानात गेलं, शब्द डोंगरावर तसाच राहिला. मी महालात वाढलेला माणूस. महाल म्हणजे नागपूरकर भोसल्यांचा वाडा, त्याभोवतीच्या गल्ल्या. लहानपणापासून आम्हाला एकच इतिहास पाठ, की आमच्या लोकांनी मोगलांना कसं जेरीस आणलं. आणि अछामच्या कुठल्याशा डोंगरावर बसलेल्या म्हातारीच्या लेखी मी मोगलांच्या राज्यात राहतो. नेपाळचं एकीकरण करणाऱ्या पृथ्वीनारायण शाहांनी तर आपल्या मुलखालाच खरा हिंदुस्थान म्हणून ठेवलंय. म्हणजे हिंदुस्थान तिकडे आणि आम्ही मोगल.

मी थोडा वेळ गप्प बसलो. मग तो म्हणाला, पण आता नवीन पोरं तसं म्हणत नाहीत. मला बरं वाटलं. "आता काय म्हणतात?"

"अब बोलते हैं, बम्बई गया है।"

मुगलान एक वेळ चाललं असतं. पण मुंबई? १९५६ पर्यंत आमचं शहर एका मोठ्या प्रांताची राजधानी होतं, जबलपूर-रायपूरचे लोक इथं कामं घेऊन यायचे. मग आम्ही मुंबई राज्यात गेलो आणि १९६० साली महाराष्ट्रात आलो. त्याआधी, विदर्भाला नव्या राज्यात काय मिळणार याचा १९५३ चा नागपूर करार झाला, त्यातलं काय पाळलं आणि काय नाही, यावर इथला कुठलाही पानठेलेवाला तुम्हाला तासभर धरून ठेवेल. त्या माणसाला म्हणा तू मुंबईचा. मी वॉचमनला समजावलं की मुंबई इथून आठशे किलोमीटर आहे, आमची भाषा वेगळी, आमचं तिखट वेगळं. त्यानं मान डोलावली. आणि दुसऱ्या दिवशी फोनवर कोणाला तरी सांगितलं, "हो, बम्बईमै छु।"

तेव्हापासून माझं एक मत झालं आहे. शेजाऱ्याला आपलं जे तोंडपाठ असतं, ते आपण केव्हाच विसरलेलो असतो. आणि आपण ज्याची मिरवणूक काढतो, त्याचा त्याला पत्ताच नसतो.

मिरवणुकीवरून आठवलं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे मारबत निघते, म्हणजे इडापिडा गावाबाहेर घालवायच्या पुतळ्यांची मिरवणूक. काळी मारबत, पिवळी मारबत आणि त्यांच्याबरोबर बडगे. बडग्या म्हणजे कागद, बांबू, चिंध्यांचा भलामोठा पुतळा. वर्षभरात ज्याच्यावर राग असेल त्याचा करायचा, गळ्यात फलक अडकवायचा आणि 'घेऊन जा गे मारबत' असा गजर करत गावाबाहेर नेऊन जाळायचा. भ्रष्टाचार, महागाई, डेंग्यू यांच्या जोडीला आपले शेजारी देशही असतात. एका वर्षी चीनचा बडग्या होता. करणाऱ्यांनी चीन पाहिलेला नसणार हे उघड होतं. पिवळा रंग, खाली लोंबणाऱ्या दोन मिश्या, डोळ्यांच्या जागी दोन तिरप्या रेघा आणि डोक्यावर आपल्याकडच्या चायनीजच्या ठेल्यावर असतं तसलं टोपडं. त्या ठेल्याबद्दलही काय सांगावं. मंचुरिया हा चीनच्या ईशान्येचा मुलूख खरा, पण आपण खातो ते मंचुरियन मुंबईत १९७५ च्या सुमाराला एका कोलकात्याहून आलेल्या चिनी वंशाच्या आचाऱ्यानं बनवलं, असं सांगतात. आमच्याकडे त्यावर सावजीचा हात फिरला की ते कुठल्याच देशाचं उरत नाही.

तर आम्ही इतवारीत गर्दीत उभे होतो. शेजारी वॉचमन, त्याच्या खांद्यावर माझा भाचा. बडग्या समोरून जाताना एका पोट्ट्यानं आधी पुतळ्याकडे पाहिलं, मग वॉचमनकडे, मग पुन्हा पुतळ्याकडे. आजूबाजूचे दोघं-तिघं हसले. मला जमिनीत जावंसं झालं. वॉचमन पुतळ्याकडे बघत एवढंच म्हणाला, "दाइ, फोटो अच्छा नहीं आया मेरा।"

पाकिस्तानबद्दल मी फार लिहीत नाही. त्यांचा-आपला विनोद टीव्हीवाल्यांनी मक्त्यानं घेतला आहे. फक्त एक. नागपुरात फाळणीनंतर आलेल्या सिंधी कुटुंबांची मोठी वस्ती जिथं आहे, त्या भागाचं नाव जरीपटका, म्हणजे मराठ्यांचं निशाण. आणि तिकडे कराचीत १८५५ साली निघालेल्या जुन्या सरकारी शाळेला नाव आहे नारायण जगन्नाथ वैद्य या मराठी माणसाचं. जरीपटक्याच्या माझ्या एका सिंधी मित्राचे आजोबा त्या शाळेचं नाव सांगायचे. त्यांना कराचीच्या आठवणीनं डोळ्यांत पाणी यायचं आणि मला शाळेच्या नावातल्या 'वैद्य'नं हसू. दोघांना एकमेकांचं कारण कळायचं नाही.

पण खरा हिसका बसला तो बांगलादेशाकडून, आणि तोही संत्र्याच्या बागेत.

माझ्या मामाची काटोलकडे बाग आहे. काटोल, नरखेड, वरुड, मोर्शी या पट्ट्यातली संत्री कळमन्याच्या बाजारात येतात आणि त्यातला मोठा हिस्सा वर्षानुवर्षं पेट्रापोल-बेनापोलच्या नाक्यावरून बांगलादेशात जात आला आहे. तिकडचे लोक आपल्या या आंबटगोड, सैल सालीच्या फळाचे शौकीन. एका वर्षी आंबिया बहाराच्या वेळेला यशोरकडचा एक व्यापारी आपल्या इथल्या दलालाबरोबर थेट बागेतच आला. पन्नाशीचा, गोल चेहऱ्याचा, पांढरा शर्ट, पायात चामडी चपला. मला मामानं दुभाषा म्हणून बोलावलं होतं, कारण मी पूर्वी कोलकात्याला सहा महिने काढले होते. माझी बंगाली म्हणजे मासळीबाजारापुरती, पण मामाला ते सांगून उपयोग नव्हता.

पहिल्या पाच मिनिटांतच घोटाळा. पाहुणा बागेत शिरला आणि हात पसरून म्हणाला, "बाह, की शुंदॉर कॉमला!" बंगालीत संत्र्याला कमला म्हणतात. माझ्या मामीचं नावही तेच. मामी नेमकी चहा घेऊन येत होती. मामानं माझ्याकडे असं पाहिलं की मी चहाच्या आधी अर्थ सांगितला.

मग सौद्याला सुरुवात. झाडाखाली सतरंजी, एका बाजूला मोठा माल, दुसऱ्या बाजूला चुरी, मध्ये कॅरेट. मामानं भाव सांगितला. पाहुणा बोटांवर हिशेब करून म्हणाला, "चेष्टा कॉरबो।" मामाचं तोंड लाल झालं. "म्या भाव सांगून राह्यलो अन् हा म्हणते चेष्टा करतो?" मी घाईघाईनं सांगितलं की बंगालीत चेष्टा म्हणजे प्रयत्न. मामा म्हणाला, "मंग तसं म्हण ना त्याले."

जेवताना पाहुणा मोकळा झाला. एकच मुलगी, ढाक्याला शिकते. कमावलं ते सगळं मुलीच्या 'शिक्षे'वर खर्च केलं, असं त्यानं अभिमानानं सांगितलं. एवढा शब्द मामीला माझ्या मदतीशिवाय कळला. ती पोळी वाढता वाढता थांबली. "काय केलं होतं वं बिचारीनं?"

आणि मग त्यानं मला विचारलं, तुमचं मूळ कुठलं? मी म्हटलं, नागपूरच, भोसल्यांच्या महालाजवळ. त्यानं हातातला घास खाली ठेवला. डोळे बारीक केले. आणि खो खो हसत म्हणाला, "बॉर्गी!"

बंगालमध्ये, म्हणजे इकडच्या आणि तिकडच्याही, एक जुनं अंगाईगीत आहे. बाळ झोपलं, गाव निजलं, बर्गी देशात आले, बुलबुलांनी धान खाल्लं, आता शेतसारा भरायचा कुठून, असा त्याचा अर्थ. हे बर्गी म्हणजे आम्ही. रघूजी भोसल्यांच्या फौजा १७४२ पासून दहाएक वर्षं बंगालवर जात राहिल्या. सेनापती भास्करराम कोल्हटकरांना १७४४ साली नबाब अलिवर्दीखानानं भेटीला बोलावून तंबूतच मारलं. मग स्वाऱ्या आणखी वाढल्या. १७५१ ला तह झाला, बंगालनं वर्षाला बारा लाख रुपये चौथाई द्यायची ठरली आणि ओडिशा भोसल्यांकडे आलं. आमच्या शाळेच्या पुस्तकात हे एका वाक्यात होतं, त्यात 'मजल मारली' असा शब्दप्रयोग होता. मजल जिथं पोचली तिथल्या लोकांना काय वाटलं, हे पुस्तकात नव्हतं. गावं जळाली, विणकर माग टाकून पळाले, माणसं नदी ओलांडून पूर्वेकडे गेली. इंग्रजांनी कलकत्त्याभोवती खंदक खणायला घेतला, त्याचं नावच मराठा डिच. खंदक अर्धा राहिला, मराठे कलकत्त्याला कधी आलेच नाहीत, शेवटी तो बुजवून त्यावर रस्ता केला.

पाहुण्यानं हे सगळं सांगितलं नाही. त्यानं एवढंच सांगितलं की त्याची आजी त्याला झोपवताना म्हणायची, झोप, नाहीतर बर्गी येईल. म्हणजे हा माणूस लहानपणी आमच्या भीतीनं झोपला होता. आणि समोर बर्गी कोण? माझा मामा. जेवल्यावर दोन तास झोपल्याशिवाय ज्याला संध्याकाळ दिसत नाही आणि जो मोटारसायकलवर चाळीसच्या वर जात नाही.

मी मामाला अर्थ सांगितला. वाटलं, तो चिडेल, किंवा छाती फुगवेल. त्यानं विचार केला आणि म्हणाला, "बर्गी म्हणजे बारगीर ना?"

"हो."

"बारगिराले घोडा सरकारातून भेटे. स्वतःचा घोडा असे तो शिलेदार." मामानं मांडी बदलली. "आपल्या घरी तीन घोडे होते. सांग त्याले. आपन बारगीर नाही."

मी सांगितलं. पावणेतीनशे वर्षं दहशत बाळगून असलेल्या त्या माणसाला मी सांगितलं, की यांना लुटारू म्हटल्याचं काही नाही, पण यांच्याकडे स्वतःचा घोडा नव्हता, असं म्हणू नका. तो इतका हसला की त्याला ठसका लागला. मामीनं पाणी दिलं.

बोलता बोलता पाहुण्यानं 'महाराष्ट्र पुराण' नावाच्या जुन्या बंगाली काव्याचाही उल्लेख केला. मामा खूश. "आपलं पुराण बंगालीत? आन ना बे एक, श्रावणात पारायणाले बसतो." गंगारामाचं ते काव्य बर्गींनी बंगालची कशी दैना केली याचं आहे, हे मी मामाला आजतागायत सांगितलेलं नाही.

निघायच्या आधी मामानं मला ते अंगाईगीत पुन्हा समजावून सांगायला लावलं. सावकाश, एकेक ओळ. बुलबुलांनी धान खाल्लं, सारा कसा भरू. मामा झाडाखालच्या गळालेल्या फळांकडे बघत होता. त्या वर्षी फळगळ भयंकर होती. जमिनीवर हिरव्या-पिवळ्या संत्र्यांचा सडा पडलेला, त्यावर माश्या, आणि बँकेचा हप्ता मार्चमध्ये. "हे तर आपलंच गानं हाय," तो म्हणाला. "त्याइनं काऊन घेतलं?"

पुढे बांगलादेशानं संत्र्यावरचं आयात शुल्क वाढवत नेलं आणि आमच्या पट्ट्यातला माल बांधावरच पडून राहू लागला. मामाला बातमी कळली तेव्हा मी तिथंच होतो. पेपर घडी करून तो म्हणाला, "आता ते चौथाई वसूल करून राह्यले."

त्या व्यापाऱ्यानं जाताना कॅरेटवरचं इंग्रजी लेबल वाचलं होतं, नागपूर मँडारिन. विचारलं, हे काय? मी म्हटलं, संत्र्याच्या या जातीचं नाव. मँडारिन हे चिनी अधिकाऱ्याला युरोपियनांनी दिलेलं नाव, पोर्तुगीजांनी ते मलायी भाषेतून उचललं, आणि मलायीत ते गेलं आपल्या 'मंत्री' या शब्दापासून. म्हणजे मामाच्या बागेतलं फळ जगाला हिंडून, चीनचा वेष घालून, मंत्री होऊन परत आलं आहे. मामाला हे पटलं नाही. मंत्री बागेत कधी येत नाहीत, असं त्याचं म्हणणं.

वॉचमनची एक गोष्ट राहिली.

तो दरवर्षी दशैंला गावी जायचा. दशैं म्हणजे आपला दसरा, पण त्यांच्याकडे तो पंधरवडाभर चालतो. थोरल्यांकडून कपाळावर दही-तांदळाचा टिळा घ्यायचा, आशीर्वाद घ्यायचा. एका वर्षी त्याला रजा मिळाली नाही. दसऱ्याच्या सकाळी उदास बसला होता, म्हणून मी त्याला म्हटलं, चल दीक्षाभूमीवर. अशोक विजयादशमीला तिथं लाखो माणसं येतात. १९५६ साली १४ ऑक्टोबरला बाबासाहेबांनी इथंच दीक्षा घेतली, तोही दसराच होता. एकाच दिवशी आमच्या शहरात इकडे धम्मचक्र प्रवर्तन आणि तिकडे संध्याकाळी कस्तूरचंद पार्कवर रावणदहन. दीक्षाभूमीवर श्रीलंकेचे भिक्खू दिसले की मला नेहमी वाटतं, यांना कोणी संध्याकाळचा कार्यक्रम सांगितला असेल का? त्यांच्या देशानं २०१९ साली अवकाशात पाठवलेल्या पहिल्या उपग्रहाचं नाव 'रावण-१' आहे. आणि एवढ्या लांब जायला नको, आपल्याच गडचिरोलीकडे रावणाला पूर्वज मानणारे गोंड आहेत, आणि हे शहर वसवणारा राजा बख्त बुलंद शाह गोंडच होता.

वॉचमन तयार होऊन खाली आला तो एक टी-शर्ट घालून. छातीवर इंग्रजीत लिहिलेलं, 'बुद्धांचा जन्म नेपाळमध्ये झाला'. तिकडे बसवर, दुकानांवर, सगळीकडे हे असतं, त्यांच्या मर्माची जागा आहे ती. २०२० साली आपल्या परराष्ट्र मंत्र्यांच्या एका वाक्यावरून तिकडे एवढा गहजब झाला होता की बुद्ध लुंबिनीत जन्मले यात शंका नाही, असा खुलासा आपल्या मंत्रालयाला करावा लागला. मी विचारलं, हाच शर्ट का? तो म्हणाला, कोणी काही बोललं तर दाखवायला. म्हणजे गडी भांडायच्या तयारीनं निघाला होता.

कोणी काही बोललं नाही. कोण बोलणार? तिथं आलेल्या प्रत्येकाला ते पाठ आहे. रस्त्याच्या दोन्ही कडांना भोजनदानाचे मांडव. कोणी त्याच्या हातात पुरीभाजी ठेवली, कोणी मसालेभात, एका मांडवात बुंदी. पुस्तकांच्या दुकानांपुढे उभं राहायला जागा नाही. त्याचं भांडण हळूहळू पोटात विरघळत गेलं.

एका झाडाखाली यवतमाळकडची एक म्हातारी बसली होती. पांढरं लुगडं, डोक्यावर पदर, शेजारी नात. नातीनं शर्ट वाचला आणि आजीच्या कानात काही सांगितलं. आजी लगबगीनं उठली. "तू नेपाळचा का बाबा?"

त्यानं मान डोलावली. त्याच्या डोक्यात दशैं. दिवसभरात समोर आलेलं पहिलं पिकलं माणूस. तो नमस्काराला वाकला. आणि त्याच क्षणी आजी वाकली, कारण तिच्या लेखी लुंबिनीच्या मातीचा माणूस समोर उभा होता. दोघांची डोकी ठाणकन आपटली.

नात हसून हसून बेजार. आजी कपाळ चोळत खाली बसली, त्यालाही बसवलं. विचारलं, तुझं घर लुंबिनीपासून किती लांब? त्यानं खरं सांगितलं. लुंबिनी त्यानं पाहिलेली नाही. अछाम तिकडे पार पश्चिमेला, डोंगरात, आणि गावाहून निघालं की सरळ सीमेवर, तिथून रेल्वे, तिथून काम. देश बघायला सवड कोणाला?

"पाह्यली नाही?" आजीला ते खरंच वाटेना. ती स्वतः जाऊन आली होती, गावच्या बायांनी भिशीतून पैसे जमवून स्पेशल बस केली होती. मग तिनं त्याला लुंबिनी सांगितली. मायादेवीचं मंदिर कसं आहे, अशोकाचा खांब केवढा आहे, त्याच्यापुढचं तळं, तळ्याकाठचं झाड, झाडाला बांधलेल्या रंगीत पताका. बाबासाहेब दीक्षेनंतर महिनाभरानं काठमांडूच्या बौद्ध परिषदेला गेले होते, हेही तिनं सांगितलं. तो तोंड उघडं टाकून ऐकत होता. मध्येच त्यानं खिशातून फोन काढला आणि ती बोलते ते रेकॉर्ड करायला लागला. बायकोला पाठवायला, असं मला नंतर म्हणाला.

मग आजी एकदम थांबली. काहीतरी आठवलं होतं.

"पन एक सांगतो तुले. तुमच्या तिथं पान्याची बाटली लै महाग देतेत. अन् बसवाला मंदिरापासून इतल्या दूर उतरवून देते. म्हाताऱ्या मानसानं कसं चालाव?"

वॉचमननं फोन खाली ठेवला आणि दोन्ही हात जोडले. "माफ करना आमा," तो म्हणाला, "अगली बार आओगे तो ऐसा नहीं होगा।"